जग रिकामा होता

मनिलाहून आदेश आला बुधवारी,
मी डबा उघडून बसलो असताना.
चौदा पानं, त्यातली कामाची ओळ एकच:
खटला टॅक्लोबानला वर्ग करावा, मुद्देमालासह.

मी शिरस्तेदार. एकतीस वर्षं झाली.
वर्ग करणं म्हणजे माझ्या लेखी
पानांवर आकडे, सुतळी, लाख,
आणि प्लॅस्टिकच्या पिशवीत
नेमेसिओ डाक्लागची चप्पल. डावी.
उजवी समुद्रानं दिली नाही.

खेकड्यांची जाळी टाकायला गेला होता तो.
युसोनची मालबोट आली दिवे विझवून.
याहून जास्त मी सांगू नये,
अजून निकाल व्हायचाय.

त्याच्या बायकोचा अर्ज एक पानी.
वकिलानं टाइप केला, पण शब्द तिचेच राहू दिले:
“न्यायाधीशांनी युसोनच्या वकिलाला
स्वतःच्या हातानं पाणी ओतून दिलं.
माझी साक्ष चालू होती, घसा सुकला, मी पाणी मागितलं,
तेव्हा जग रिकामा होता.”

गावात हसले लोक. बंदरावर दोन दिवस
कुणी कुणाला बिअर पाजली की म्हणायचे,
बघ हं, फ्लोर्देलिसा अर्ज करील.
मनिलावाले हसले नाहीत.
त्यांनी लिहिलं, पक्षपात झाला असं आम्ही म्हणत नाही,
पण या बाईच्या जागी बसलं
तर इथून तो दिसतो.

न्यायाधीश बार्सेनासांनी आदेश उभ्यानंच वाचला.
चष्मा पुसला. परत वाचला.
“तेओदुलो, मी तिला कधी आडवं बोललो?”
नाही सर, म्हणालो. खरं तेच होतं.

जग मी भरतो.
रोज सकाळी, मागच्या नळावर, साडेआठच्या आत.
त्या दिवशी रियाधहून मुलीचा फोन आला,
मालकिणीनं तिचा पासपोर्ट ठेवून घेतला होता.
मी बोलत राहिलो, नळ करकरत राहिला,
जग आला तो तळाला दोन बोटं पाणी घेऊन.
एका पेल्याचं.
हे मी कुणालाच सांगितलेलं नाही.

आणि हेही नाही, की फेब्रुवारीत
साहेबांच्या साठीला
युसोनच्या ट्रकमधून अख्खं भाजलेलं डुक्कर उतरलं,
केळीच्या पानांवर, तोंडात सफरचंद.
चिठ्ठी नव्हती. ड्रायव्हर ओळखीचा होता.
कातडी अशी कुरकुरीत की बोलणं थांबावं.
कान मी उचलला.

म्हणजे पाणी मुरत होतं हे खरं,
तिनं बोट ठेवलं ती जागा चुकली.
की नाही चुकली?
मी हे सुतळी आवळताना घोळवत बसतो
आणि गाठ सैल पडते.

फाइल घेऊन मीच गेलो. पहाटेची बस.
ती दोन रांगा पुढे, मांडीवर थर्मास.
लांबच्या पुलावर बस हळू झाली, तेव्हा मागे वळली.
“किती पानं झाली?”
सहाशे तेरा.
“चप्पल?”
आहे.
मग बराच वेळ खाली प्रवाहाकडे बघत होती.
“होडीवरचा पोरगा येईल का हो इतक्या लांब?
दिवसाची मजुरी बुडते त्याची. बसभाडं कोण देणार?
तिकडे निदान चालत आला असता.”
आदेशाच्या चौदा पानांत हे नव्हतं.
मी म्हणालो, येईल.

टॅक्लोबानच्या कचेरीत एक तरुण मुलगी,
नखांना जांभळा रंग. भराभर पोच लिहिली.
“एक चप्पल. डावी की उजवी?”
डावी, फ्लोर्देलिसा माझ्या मागून म्हणाली.

दार अर्धं उघडं होतं. कोर्ट रिकामं.
व्यासपीठावर नव्या न्यायाधीशांच्या नावाची पाटी,
आडनाव मला अनोळखी, तिलाही.
शेजारी जग. स्टीलचा, झाकणाचा.
आम्ही दोघंही बघत होतो त्याच्याकडे.
स्टीलचा असल्यामुळे
किती आहे ते बाहेरून कळत नव्हतं.